हनोईतील संध्याकाळची खाद्यफेरी: माळकरी सासूबाईंना घेऊन गेलो तेव्हाचा अनुभव

शेवंती (पुणे)

नमस्कार मंडळी. गेल्या ऑक्टोबरात मी, माझे यजमान आणि माझ्या सासूबाई असे तिघे जण व्हिएतनामला जाऊन आलो. त्यांतील चार दिवस आमचा मुक्काम हनोईत होता. तेथे संध्याकाळी गाइडबरोबर पायी हिंडत, रस्त्याकडेच्या टपऱ्यांवर आणि गल्लीबोळांतील छोट्या दुकानांत थोडेथोडे खात जाण्याच्या फेऱ्या असतात. घरातील एक जण कडक शाकाहारी असेल तर अशी फेरी घ्यावी की घेऊ नये, याचे उत्तर निघण्यापूर्वी मी पुष्कळ शोधले, पण ते मला मराठीत कोठेच सापडले नाही. सासूबाई माळकरी आहेत, त्या अंड्याच्या भांड्यालाही हात लावत नाहीत. यजमान आणि मी मासे व कोंबडी खातो, पण गाईचे आणि डुकराचे मांस खात नाही. असे तीन पथ्यांचे कुटुंब घेऊन आम्ही दोन संध्याकाळी दोन वेगवेगळ्या फेऱ्या केल्या. पहिली पार बिघडली आणि दुसरी मनासारखी झाली. दोन्हींमध्ये नेमका काय फरक होता, हे सांगण्यासाठी हा धागा काढत आहे.

पहिल्या फेरीची नोंदणी मी पुण्यातूनच एका संकेतस्थळावर केली होती. अर्जात ‘शाकाहारी’ या शब्दापुढे खूण केली आणि आता काळजी मिटली असे समजले. प्रत्यक्षात आमच्या गटात अकरा जण होते, गाइड तरुणाला आमच्यापैकी कोणी शाकाहारी आहे हे कोणी कळवलेलेच नव्हते, आणि तिसऱ्या थांब्यावर त्याने सासूबाईंसाठी घाईघाईने मांस न घातलेला फो मागवला. फो म्हणजे तांदळाच्या चपट्या शेवया घातलेला गरम रस्सा. वाडग्यात मांसाचा तुकडा कोठे दिसत नव्हता, वर कोथिंबीर आणि कांद्याची पात होती. सासूबाईंनी दोन चमचे घेतले आणि वाडगा हळूच पुढे सरकवला. मी चव घेऊन पाहिली, तेव्हा तो हाडांचा रस्सा असल्याचे लक्षात आले. फोचा रस्सा हाडे कित्येक तास उकळूनच करतात, त्यामुळे वरचे मांस वगळले म्हणून तो शाकाहारी होत नाही. हे मला आधी ठाऊक असायला हवे होते. सासूबाई तेथे काही बोलल्या नाहीत. खोलीवर आल्यावर त्यांनी आंघोळ केली, हरिपाठ म्हटला आणि मग मला जवळ बसवून म्हणाल्या, ‘तू मुद्दाम केलं नाहीस ना, मग रडतेस कशाला?’ त्या रात्री मला झोप लागली नाही.

दुसऱ्या दिवशी हॉटेलच्या स्वागतकक्षातील बाईंना ही हकिकत सांगितल्यावर त्यांनी महाविद्यालयात शिकणाऱ्या आणि संध्याकाळी गाइडचे काम करणाऱ्या एका मुलीशी आमची गाठ घालून दिली. पैशांचे ठरवण्याआधीच तिने आम्हाला तीन प्रश्न विचारले. अंडे चालते का, माशांपासून केलेला नुऑक माम चालतो का, आणि कांदा-लसूण चालतो का? हे तीन प्रश्न स्वतःहून विचारणारा गाइड मिळाला, की निम्मे काम झाले असे माझे ठाम मत आहे. नुऑक माम म्हणजे मासे मिठात कित्येक महिने मुरवून काढलेला पातळ, तपकिरी रस. आपल्याकडे फोडणीला जशी मोहरी, तसा तेथे तो जवळजवळ प्रत्येक खारट पदार्थात असतो, अगदी भाज्यांच्या तळणीत आणि कोशिंबिरीतही असतो. ‘मांस नको’ एवढेच सांगितले तर तो तुमच्या ताटात येणारच, कारण सांगितल्याप्रमाणे मांस वगळलेले असते. त्यासाठी शब्द वापरायचा तो ‘चाय’. उच्चार हिंदीतील चहासारखा आहे, पण अर्थ आहे बौद्ध धर्मातील शाकाहारी अन्न, ज्यात मासळी आणि तिचा रस दोन्ही वर्ज्य असतात. व्हिएतनामी भाषेत सुराप्रमाणे अर्थ बदलतो आणि आपल्या तोंडून तो सूर नीट निघत नाही, म्हणून तिने एका कागदावर मोठ्या अक्षरांत सर्व लिहून सासूबाईंच्या हाती दिले.

आम्ही साडेपाचला होआन किएम तलावाच्या उत्तर टोकापासून निघालो. तेथूनच जुने शहर सुरू होते, ज्याला तेथील लोक ‘३६ रस्ते’ म्हणतात. पुण्यात जशी तांबट आळी किंवा कासार आळी, तशी तेथील रस्त्यांची नावे मालावरून पडली आहेत. ‘हांग’ म्हणजे माल. हांग बाक हा चांदीचा रस्ता, हांग मुओइ मिठाचा, हांग मा कागदी पूजासाहित्याचा, आणि हांग माम चक्क मासळीच्या रसाचा. नावे वाचत चालले की ही बाजारपेठ किती जुनी आहे ते आपोआप समजत जाते.

पहिला थांबा सोइ सेओचा होता. हळदीने पिवळा केलेला चिकट तांदूळ वाफवून टोपलीत कापडाखाली झाकून ठेवलेला होता. विकणाऱ्या बाईंनी केळीच्या पानावर त्याचा मूठभर थर घातला. मग शिजवून घोटलेल्या मूगडाळीचा नारळाएवढा घट्ट गोळा डाव्या हातात धरून त्यांनी सुरीने त्याचे पातळ काप सरासर भातावर पाडले. ते काप गरम भातावर पडताच भुसभुशीत होत होते. त्यावर तळलेल्या कांद्याचा चुरा घातला. यानंतर पळीभर चरबी घालण्याची तेथे पद्धत आहे, पण आमच्या मुलीने पळी उचलली जाण्याआधीच पानावर हात आडवा धरला. सासूबाईंनी पहिला घास घेतला आणि म्हणाल्या, ‘ही तर आपली मुगाची खिचडीच, डाळ-तांदूळ वेगळे शिजवलेले.’ आदल्या रात्रीनंतर त्यांनी प्रथमच पोटभर काही खाल्ले होते.

तेथून पुढे बान कुओन. उकळत्या पाण्याच्या भांड्यावर ताणून बांधलेल्या कापडावर तांदळाचे पातळ पीठ डावाने पसरतात, क्षणभर झाकण ठेवतात आणि बांबूच्या चपट्या काडीने तो पारदर्शक पापुद्रा अलगद उचलतात. आपल्याकडे उन्हाळ्यात सालपापड्या करताना पहिली पापडी उचलून गरमच खायला मिळते, हुबेहूब तीच चव आणि तोच ओलसर तांदळाचा वास. आत एरवी डुकराचा खिमा आणि काळी अळंबी भरतात. सासूबाईंसाठी कापड धुऊन बिनसारणाचे पापुद्रे केले आणि बुडवून खाण्यासाठी मुलीने स्वतःच्या पिशवीतून सोयाबीनच्या रसाची छोटी बाटली काढली. ती बाटली तिने आमच्यासाठी घरून आणली होती.

एक गोष्ट मला फार जवळची वाटली. तेथे विक्रेत्यांना हाक मारताना नात्यानेच हाक मारतात. थोडी मोठी बाई असेल तर ‘चि’, म्हणजे ताई, आईच्या वयाची असेल तर ‘को’, म्हणजे आत्या, आणि वृद्ध असेल तर ‘बा’, म्हणजे आजी. पुढे ‘ओइ’ जोडले की झाली आपली ‘अहो ताई’. मुलगी सासूबाईंना संध्याकाळभर ‘बा’च म्हणत होती. मराठी माणसाला हे शिकवावे लागत नाही, कारण आपण भाजीवालीला मावशी म्हणतोच.

दोंग सुआन बाजाराकडे जाताना कोपऱ्यावर एक बाई कावड उतरवून बसल्या होत्या. एका पारड्यात कमळाच्या पानांत बांधलेला कोम होता, दुसऱ्यात पिकलेली केळी. कोम म्हणजे कोवळ्या भाताच्या लोंब्या भाजून, कांडून केलेले हिरवे, मऊ पोहे. शहराच्या पश्चिमेकडील वोंग हे गाव त्यासाठी प्रसिद्ध आहे आणि हंगाम शरद ऋतूचा असतो, त्यामुळे ऑक्टोबरात जाणाऱ्यांनी तो चुकवू नये. केळ्याचा घास आणि चिमूटभर कोम, असे तो खातात. आम्ही दुसरी पुडी मागणार एवढ्यात रस्त्याच्या टोकाशी काही गडबड झाली आणि त्या बाई पैसे घेण्यासाठीही न थांबता कावड खांद्यावर टाकून गल्लीत शिरल्या. प्रशासनाने २००८ साली शहरातील ६२ रस्त्यांवर फिरत्या विक्रीला बंदी घातली, तरी आसपासच्या खेड्यांतील बायका रोज पहाटे शहरात येतात, आणि तपासणीची गाडी दिसली की त्यांना असे उठावे लागते, हे मुलीने सांगितले. ती स्वतः त्यांच्यामागे धावली आणि पैसे देऊन आली. एखाद्या गाइडला माणसांविषयी किती आस्था आहे, ते मला त्या दोन मिनिटांत दिसले.

शेवट अंड्याच्या कॉफीने झाला. ती यजमानांनी घेतली, सासूबाईंनी कमळबियांचे गोड पेय घेतले. न्गुएन वान ज्यांग हे तेथील मेत्रोपोल हॉटेलात काम करत असताना, १९४६च्या सुमारास दुधाची टंचाई झाल्यामुळे त्यांनी अंड्याचा पिवळा बलक फेटून कॉफीवर घालण्याची युक्ती काढली. पेला गरम पाण्याच्या वाटीत ठेवून देतात, त्यामुळे शेवटच्या घोटापर्यंत कॉफी कोमट राहते.

साडेतीन तास, सहा थांबे आणि माणशी साधारण २५ डॉलर, खाण्याचा खर्च धरून. आपले प्रश्न आणि अनुभव जरूर लिहावेत.

नवखाप्रवासी

शेवंतीताई, इतक्या तपशिलाने लिहिल्याबद्दल मनापासून आभार. आम्ही फेब्रुवारीत आई-वडिलांना घेऊन जाण्याचा विचार करत आहोत. आई सत्तर वर्षांची आहे, चातुर्मासात कांदा-लसूणही खात नाही आणि एरवीही टाळते. तिचे गुडघे दुखतात. छायाचित्रांत सर्वत्र वीतभर उंचीची प्लॅस्टिकची स्टुले दिसतात, त्यांवर तिला बसता येणार नाही आणि बसली तर उठता येणार नाही. वाहतुकीचीही धास्ती वाटते. अशा परिस्थितीत हा बेत करावा का, आणि फेब्रुवारी योग्य आहे का, कृपया सांगावे.

पाऊलवाट

लेख आवडला, परंतु एका मुद्द्यावर माझे मत वेगळे आहे. मी हनोईत सहा दिवस एकटा राहिलो आणि एकदाही गाइड घेतला नाही. हनोईतील चांगली दुकाने बहुधा एकच पदार्थ विकतात आणि तो पाटीवर मोठ्या अक्षरांत लिहिलेला असतो, त्यामुळे आत जाऊन बोटांनी संख्या दाखवली की ताट समोर येते. २५ डॉलरमध्ये मी दोन दिवस उत्तम जेवलो. शिवाय फेऱ्यांचे गट ठरावीक पाच-सात दुकानांतच जातात असे माझे निरीक्षण आहे, आणि तेथे इंग्रजीतील यादी व परदेशी पाहुणेच अधिक दिसतात. ले वान हु रस्त्यावरील ज्या बुन चाच्या (भाजलेले डुकराचे मांस आणि तांदळाच्या शेवया) दुकानात मे २०१६मध्ये अमेरिकेचे तत्कालीन अध्यक्ष बराक ओबामा आणि खाद्यभ्रमंतीचे दूरचित्रवाणी कार्यक्रम करणारे अँथनी बोर्डेन जेवले, तेथे ते टेबल काचेच्या पेटीत जपून ठेवले आहे. लोक ते पाहायला जातात, पण तसेच बुन चा मला पुढच्या चौकात निम्म्या गर्दीत मिळाले. ज्याला सर्व काही चालते, त्याने गाइडवर पैसे खर्च करू नयेत असे मला प्रामाणिकपणे वाटते.

शेवंती (पुणे)

पाऊलवाट, ज्याला सर्व काही चालते त्याच्यापुरते तुमचे म्हणणे मला पूर्ण मान्य आहे. आमचा प्रश्न त्याच्या नेमका उलट होता. बोट दाखवून ‘हे द्या’ म्हणता येते, पण या रश्श्यात काय उकळले आहे आणि या तेलात आधी काय तळले आहे, हे बोटाने विचारता येत नाही. दुसऱ्या संध्याकाळी आम्ही पैसे दिले ते दुकाने दाखवण्यासाठी नव्हेत. आमच्या वतीने विचारणारी आणि गरज पडली तर नाही म्हणणारी व्यक्ती आम्हाला हवी होती. ठरावीक दुकानांविषयी तुम्ही म्हणता ते पहिल्या फेरीत तंतोतंत खरे ठरले. दुसऱ्या फेरीत सहापैकी चार ठिकाणी आम्हीच तेवढे परदेशी होतो.

नवखाप्रवासी, स्टुलांविषयी सांगते. फेरी ठरवतानाच गुडघ्यांचे सांगून ठेवा. दुकानांच्या आत, विशेषतः माडीवर, नेहमीच्या उंचीच्या खुर्च्या असतात आणि जेथे नाहीत तेथे गाइड शेजारून मागून आणतो. आमच्या मुलीने एकावर एक अशी तीन स्टुले रचून सासूबाईंना बसवले, ते उत्तम जमले. मात्र माडीवर जाणारे जिने फार अरुंद व उभे असतात, म्हणून आईंसाठी तळमजल्याचीच ठिकाणे मागा. रस्ता ओलांडताना थांबू नये, धावू नये आणि मागे तर मुळीच येऊ नये. एका संथ चालीने सरळ जात राहावे, दुचाकीवाले आपल्या चालीचा अंदाज घेऊन बाजूने वळतात. सासूबाईंचा हात आम्ही दोन्ही बाजूंनी धरत होतो.

हनोईकर

कामानिमित्त चार वर्षांपासून येथेच राहतो, म्हणून थोडी भर घालतो.

पाऊलवाट यांनी बुन चाचा विषय काढला. हे हनोईचे दुपारचे जेवण आहे. अकराच्या सुमारास फुटपाथवर कोळशाच्या शेगड्या लागतात, बायका हातपंख्याने निखारे फुलवतात आणि भाजलेल्या डुकराच्या मांसाचा धूर गल्लीभर पसरतो. दोनपर्यंत बहुतेक शेगड्या विझतात. संध्याकाळी पर्यटकांसाठी म्हणून जे बुन चा देतात, ते पुष्कळदा आधीचे भाजून ठेवलेले असते. त्यामुळे संध्याकाळच्या फेरीत बुन चा हाच मुख्य थांबा असेल तर मी ती फेरी घेणार नाही. येथील लोक संध्याकाळी कोंबडीचा फो, चाओ म्हणजे आपली पेज, गोगलगायी आणि रात्री चे नावाचे गोड पदार्थ खातात. गाइडला सरळ विचारावे, ‘या वेळी तुम्ही स्वतः काय खाता?’ उत्तरावरून पुष्कळ कळते.

गोमांस टाळणाऱ्यांनी हे दोन शब्द पाठ करावेत: ‘बो’ म्हणजे गाय, ‘गा’ म्हणजे कोंबडी. फो मूळचा गोमांसाचाच आहे. १९३९च्या सुमारास सोमवारी व शुक्रवारी गोमांसाच्या विक्रीला मनाई असे, तेव्हा त्या दिवसांसाठी कोंबडीचा फो रूढ झाला, असे येथे सांगतात. ‘फो गा’ची दुकाने पुष्कळदा स्वतंत्र असतात आणि तेथील रस्सा कोंबडीचाच असतो. जेथे दोन्ही मिळतात तेथे मात्र डाव एकच असू शकतो.

आता शाकाहाराविषयी. येथील बौद्ध कुटुंबे चांद्र महिन्याच्या पहिल्या तिथीला आणि पौर्णिमेला ‘चाय’ पाळतात. आपल्याकडे एकादशीला जसे घरोघर साबुदाणा भिजतो, तसे त्या दोन दिवशी चाय विकणाऱ्या टपऱ्यांवर गर्दी उसळते आणि एरवी मांस विकणाऱ्या काही बायकाही त्या दिवशी टोफू आणि अळंबीचे पदार्थ मांडतात. कडक चायमध्ये कांदा, लसूण आणि त्या वर्गातील उग्र वासाच्या भाज्याही वर्ज्य असतात. त्यामुळे नवखाप्रवासी यांच्या मातोश्रींना, आणि जैन वाचकांनाही, येथे सांगायला एक तयार शब्द आहे. लोकांना त्यामागचे कारण समजते आणि ते त्याचा मान राखतात. मात्र सगळेच चाय दुकानदार कांदा वर्ज्य करत नाहीत, एवढे निराळे विचारावे लागते.

फेब्रुवारीत हवा थंड असते आणि बारीक भुरभुर पाऊस असतो, तेवढ्याने काही बिघडत नाही. टेट म्हणजे येथील नववर्ष मात्र पाहून घ्या. त्या दिवसांत विक्रेते आपापल्या गावी जातात आणि जुने शहर अक्षरशः बंद असते. त्यानंतरची पहिली पौर्णिमा हा येथील लोकांचा वर्षातील सर्वांत मोठा पूजेचा दिवस असतो आणि बहुतेक वर्षी ती आपल्या माघी पौर्णिमेलाच येते. तो दिवस साधलात तर आईंना निवडायला पुष्कळ मिळेल.

विद्यार्थ्यांचे काही गट इंग्रजीचा सराव व्हावा म्हणून विनामूल्य फेऱ्याही काढतात, खाण्याचा खर्च तेवढा आपण करायचा. मुले फार मनापासून हिंडवतात. त्यांना आधी दोन-तीन आठवडे लिहावे लागते आणि खाण्याची पथ्ये त्या पत्रातच लिहावीत.

रत्नागिरीकर

मासे खाणाऱ्यांसाठी या धाग्यात फारसे काही आलेले नाही, म्हणून लिहितो. हनोईत जाऊन चा का खाल्ले नाही तर मोठी हानी झाली असे मी समजतो. नदीतील माशाचे तुकडे हळद आणि कुलिंजनात मुरवून आधी भाजतात, मग टेबलावरच्या शेगडीवर तव्यात तेल तापवून ते टाकतात आणि वर मूठमूठ शेपू आणि कांद्याची पात घालतात. होय, शेपूच, जो आपल्याकडे निम्म्या घरांत नाक मुरडून खाल्ला जातो. गरम तेलात माशाबरोबर तो जेमतेम नरम पडतो आणि त्याचा उग्रपणा जाऊन गोडसर वास उरतो. माझी आई हळद-मिठाचा मासा सहा दशके करत आली, पण त्याला शेपू लावावा असे कोणाच्या मनात आले नाही. परतल्यावर मी घरी करून पाहिले, सुरमईला तो तितका मानवत नाही, काळुंदऱ्याला चांगला लागतो.

सोबत माम तोमची वाटी येते. जवळ्यासारखी बारीक कोळंबी मिठात आंबवून केलेले ते जांभळट वाटण असते आणि त्याचा दर्प पहिल्या वेळी सोसत नाही. लिंबू पिळून, साखर घालून फेस येईपर्यंत ढवळले की तो बराच निवळतो. सुक्या मासळीच्या बाजारात लहानाचे मोठे झालेल्यांना त्याचे काही वाटणार नाही. नुऑक मामविषयीही सांगतो. तो आपल्या मांदेलीच्याच कुळातील लहान माशांपासून, मोठ्या लाकडी पिंपांत वर्षभर मुरवून करतात. दक्षिणेकडील फू कुओक बेटाचा सर्वांत नावाजलेला आहे.

गवतीचहा

एक महत्त्वाची बाब राहिली आहे. ज्यांना शेंगदाण्याची ॲलर्जी आहे त्यांनी ती कागदावर लिहून घेतल्याशिवाय हनोईत बाहेर खाऊ नये. भाजलेल्या दाण्यांचा भरड कूट कोशिंबिरीवर, शेवयांवर, गोड पदार्थांवरही न विचारता शिंपडतात. माझ्या मुलाच्या बाबतीत गाइडने प्रत्येक थांब्यावर आधी आत जाऊन सांगितले, तरीही एका ठिकाणी सवयीने चिमूट पडलीच आणि ताट परत करावे लागले. औषध जवळ बाळगावे.

सांजवारा

शेवंतीताईंनी कावडवाल्या बाईंचा प्रसंग लिहिला, तो वाचून मन हलले. एक विनंती करावीशी वाटते. कावड खांद्यावर घेऊन छायाचित्र काढण्याची हौस पुष्कळ पर्यटकांना असते, काही विक्रेते त्यासाठी मागून पैसे मागतात आणि मग वाद होतात. पण ज्या बाईला उभे राहिल्यामुळे दंड होऊ शकतो, तिला आपण छायाचित्रासाठी पाच मिनिटे थांबवू नये. आधी काही विकत घ्यावे, विचारावे, आणि नको म्हणाली तर कॅमेरा खाली ठेवावा. दोन-चार हजार दोंगांवरून घासाघीसही करू नये. साधारण ३०० दोंग म्हणजे आपला एक रुपया होतो, हे लक्षात घेतले म्हणजे ती घासाघीस किती क्षुल्लक रकमेसाठी चाललेली असते ते दिसते.

शेवंती (पुणे)

हनोईकर, पौर्णिमेची माहिती आधी मिळाली असती तर आम्ही तारखा तशाच धरल्या असत्या. सांजवारा, आपल्याशी पूर्ण सहमत आहे. त्या मुलीनेही आम्हाला हेच सांगितले होते, आणि म्हणून आमच्याजवळ त्या बाईंचे एकही छायाचित्र नाही.

नवखाप्रवासी

कालच परतलो, आणि सर्वांत आधी येथे लिहायला बसलो आहे.

हनोईकर यांच्या सांगण्यावरून आम्ही माघी पौर्णिमा धरून गेलो. विद्यार्थ्यांच्या एका गटाला तीन आठवडे आधी पत्र लिहिले होते, त्यात मासळीचा रस, अंडे, कांदा-लसूण आणि गुडघे हे चारही मुद्दे होते. दोन मुली आल्या आणि येताना घडीची एक लहान खुर्ची घेऊन आल्या. ती त्यांनी पूर्ण संध्याकाळ आळीपाळीने उचलून नेली, वडिलांनी मागितली तरी दिली नाही.

पाऊस भुरभुरत होता. एका पॅगोडाच्या दारापुढील टपरीवर आईने कागद पुढे केला. टपरीवाल्या आजींनी चष्मा लावून तो दोनदा वाचला, मग कांद्याच्या पातीची टोपली उचलून स्टुलाखाली ठेवली, पळी धुतली आणि आईकडे पाहून हात जोडले. टोफू, अळंबी आणि तांदळाच्या शेवया, वर लिंबू आणि पुदिन्यासारखी पाने. आईने सबंध वाडगा संपवला. नंतर तिने मला पुढच्या पौर्णिमेची तारीख विचारली, कारण तोपर्यंत तिला त्या शेवया घरी करून पाहायच्या आहेत. तांदळाच्या चपट्या शेवया पुण्या-मुंबईत कोठे चांगल्या मिळतात, हे कोणी सांगू शकेल का?

रत्नागिरीकर

शेवया विकतच्या कशाला आणता? तांदूळ रात्रभर भिजवून अगदी बारीक वाटा, पीठ ताकाएवढे पातळ ठेवा, तेल लावलेल्या ताटलीत पळीभर ओतून वाफवा आणि निवल्यावर गुंडाळी करून सुरीने कापा. हातात चिकटल्या तर पाणी जास्त झाले असे समजावे. आईंना जमल्या की येथे अवश्य कळवा.